काळावरची प्राचीन पोथी सापडली, तर ती खरी कशी ओळखायची?

२०२५-२६ च्या केंद्रीय अर्थसंकल्पात ‘ज्ञान भारतम्’ या योजनेची घोषणा झाली. विद्यापीठं, संग्रहालयं, ग्रंथालयं आणि खासगी संग्रह यांच्याकडच्या एक कोटीहून जास्त हस्तलिखितांची पाहणी, नोंद आणि जतन करायचं, असा तिचा आवाका आहे. बडोद्यातल्या जुन्या मराठी घरांना ही बातमी जवळची वाटणारच. गायकवाडांच्या काळात इथे आलेल्या शास्त्री, पुराणिक, वैद्य, कारकून मंडळींच्या वंशजांकडे लाल फडक्यात बांधलेली एखादी पोथी अजूनही देवघराच्या फळीवर असते. ती कसली आणि किती जुनी, हे घरात बहुधा कुणालाच सांगता येत नाही.

त्याच घरांतल्या फोनवर दुसराही एक मजकूर फिरत असतो. काळाचं रहस्य उलगडणारा हजारो वर्षांपूर्वीचा ग्रंथ, आणि त्यात प्रकाशाचा वेग, सापेक्षतेचा सिद्धान्त, पृथ्वीचं वय असं सगळं आधीच लिहिलेलं. वाचताना अभिमान वाटतो आणि मनात शंकाही येते. शंका बोलून दाखवली तर परंपरेचा अपमान केल्यासारखं होतं, गप्प बसलं तर स्वतःलाच फसवल्यासारखं वाटतं. या कोंडीतून बाहेर पडण्याची एक पद्धत आहे. ती आपल्याच गावात शंभरहून जास्त वर्षं वापरली गेली आहे आणि तिचा गाभा समजायला संस्कृतचं पांडित्य लागत नाही.

ती समजावून घेण्यासाठी एक पोथी कल्पून घेऊ. समजा, दांडिया बाजारातला एक जुना वाडा पाडायला काढला आणि माळ्यावरच्या पेटीत चाळीस पानांचा संस्कृत ग्रंथ निघाला. विषय एकच: काळ म्हणजे काय. सुरुवातीला एका ऋषीचं नाव, मधे कालमापनाचं कोष्टक, शेवटच्या पानावर संवत, तिथी आणि वार. अशी पोथी प्रत्यक्षात मिळालेली नाही, ती फक्त आपल्या उदाहरणापुरती आहे. पण कुणी म्हणालं की ही इसवी सनापूर्वीची, तर काय काय तपासायचं?

प्रत वेगळी, मजकूर वेगळा

पहिला गोंधळ इथेच होतो. आजीची गोडा मसाल्याची कृती सुनेने गेल्या वर्षी नव्या वहीत उतरवली, तर वही एका वर्षाची आणि कृती साठ वर्षांची. पोथीचंही तसंच असतं. हातात असलेली प्रत, म्हणजे हस्तलिखित, ही एक वस्तू झाली. तिच्यातला ग्रंथ ही दुसरी गोष्ट. कागदाचं वय प्रयोगशाळेत काढता येतं, पण त्यावरून ग्रंथाचं वय कळत नाही. कागद दोनशे वर्षांचा निघाला म्हणून ग्रंथ खोटा ठरत नाही, आणि जुन्या कोऱ्या पानांवर कुणी काल लिहिलं म्हणून तो जुना होत नाही.

तरी प्रत आधी बघावीच लागते. गुजरातेत साधारण चौदाव्या शतकापर्यंत ताडपत्रावर शाईने लिहिण्याची चाल होती. कागद त्याआधीच आला होता, पुढे तो सगळीकडे पसरला. अक्षराची वळणंही वय सांगतात. जुन्या नागरीत ‘के’ लिहिताना मात्रा अक्षराच्या डोक्यावर देत नसत, अक्षराच्या आधी उभी रेघ काढत. या पडिमात्रेची पद्धत हळूहळू मागे पडली. म्हणून पानावर पडिमात्रा दिसली की जाणकार सावध होऊन जवळून बघतात.

मग शेवटचं पान. ग्रंथ उतरवून झाल्यावर लेखनिक आपलं नाव, गाव आणि दिवस लिहितो, त्या मजकुराला पुष्पिका म्हणतात. इथे बडोदेकरांना एक फायदा आहे, कारण आपण दोन पंचांगांत राहतो. घरात शालिवाहन शक, गुढीपाडव्याला बदलणारा. बाहेर विक्रम संवत, दिवाळीनंतरच्या प्रतिपदेला बदलणारा. उत्तर हिंदुस्थानात तोच विक्रम संवत चैत्रात बदलतो. म्हणजे पुष्पिकेत नुसतं ‘संवत्’ आणि आषाढातली तिथी असेल, तर लेखनिक गुजरातचा की काशीचा यावर इसवी सनाचं वर्ष एकाने पुढेमागे होतं. याचा निकाल वार लावतो. दोन्ही वर्षांसाठी गणित करून त्या तिथीला कुठला वार येतो ते पाहतात, आणि पोथीतला वार ज्या वर्षाशी जुळेल ते वर्ष धरतात. कुठलंच जुळलं नाही तर प्रश्न उभा राहतो. मनाने तारीख रचणाऱ्याचा वार कुठल्याही एका वर्षाशी योगायोगाने जुळण्याची शक्यता सातात एक असते.

मजकुराचं वय कशावरून कळतं

आता खरं काम. ग्रंथ ज्या काळी रचला गेला त्या काळाच्या खुणा त्याच्या आत असतात, आणि काळावरच्या ग्रंथात तर त्या फारच ठळक असतात. तो दिवस कसा मोजतो, वर्ष कसं मोजतो, कुठल्या उपकरणाने मोजतो, हे सगळं त्याला सांगावंच लागतं.

वाराचंच घ्या. सोमवार, मंगळवार आपल्याला इतके सवयीचे आहेत की ते अनादि काळापासून चालत आले असावेत असं वाटतं. पण वेदांगज्योतिष या कालगणनेच्या जुन्या ग्रंथात वार नाहीत आणि मेष-वृषभादी राशीही नाहीत. तिथे सत्तावीस नक्षत्रं आहेत, पाच वर्षांचं युग आहे आणि त्या युगाचे १८३० दिवस आहेत. बारा राशी ग्रीक ज्योतिषाशी संबंध आल्यावर इथे रुजल्या. वाराचा उल्लेख असलेला सर्वांत जुना ज्ञात भारतीय शिलालेख मध्य प्रदेशातल्या एरण इथल्या स्तंभावर आहे, बुधगुप्ताच्या काळातला, इ.स. ४८४ चा. तेव्हा आपल्या पोथीच्या मूळ मजकुरात ‘गुरुवारी ध्यान करावं’ असं असेल, तर तो भाग वेदकाळातला म्हणता येणार नाही.

घड्याळ तर याहून बोलकं. कौटिल्याच्या अर्थशास्त्रात भांड्याच्या छिद्रातून पाणी बाहेर गळतं आणि त्यावरून वेळ कळते. लग्नमंडपात आपल्या ओळखीचं असलेलं घटिकापात्र उलट्या तऱ्हेचं. तळाला बारीक छिद्र असलेली वाटी पाण्यावर तरंगते, भरते आणि बुडते. हे तंत्र नंतरचं. पोथीत बुडणारी वाटी असेल तर ग्रंथ कुठल्या काळाच्या अलीकडचा, हे तिथल्या तिथे कळतं.

आकाशातल्या खुणांवरूनही काळ काढतात. शंकर बाळकृष्ण दीक्षितांनी १८९६ साली मराठीत लिहिलेल्या ‘भारतीय ज्योतिषशास्त्र’ या ग्रंथात हे काम ज्या चिकाटीने केलं आहे, ते आजही वाचण्यासारखं आहे. शतपथ ब्राह्मणात कृत्तिका पूर्व दिशेपासून ढळत नाहीत असं वाक्य येतं. अशी स्थिती आकाशात केव्हा होती याचं गणित त्यांनी मांडलं आणि ते इ.स.पूर्व ३००० च्या सुमारास गेलं. या पद्धतीला मर्यादा आहे. जुनं निरीक्षण पिढ्यान् पिढ्या तोंडी चालत येऊन नंतरच्या ग्रंथात बसू शकतं. म्हणजे निरीक्षण जुनं आणि रचना नंतरची असंही होतं. म्हणून अभ्यासक एका खुणेवर विसंबत नाहीत.

सर्वांत भक्कम पुरावा मात्र बाहेरून येतो. ग्रंथ खरंच जुना असेल तर दुसऱ्या कुणीतरी तो वाचलेला असतो, त्याला नावाजलेलं किंवा खोडलेलं असतं. याचं उत्तम उदाहरण बडोद्याचंच आहे. सयाजीराव महाराजांच्या आश्रयाने सुरू झालेल्या गायकवाड ओरिएंटल सीरीजचा पहिला ग्रंथ १९१६ साली निघाला: राजशेखराची काव्यमीमांसा, कवींना काव्याचं शास्त्र शिकवणारा ग्रंथ. राजशेखर इ.स. ९०० च्या आसपासचा, आणि आपल्या पणजोबांना ‘महाराष्ट्रचूडामणी’ म्हणवणारा, म्हणून मराठी माणसाला थोडा जास्तच आपला. ग्रंथ छापला जाण्याच्या कितीतरी शतकं आधी हेमचंद्र या जैन आचार्याने त्यातले लांबलचक भाग आपल्या काव्यानुशासनात घेतले होते. हस्तलिखित हाती आलं तेव्हा बाराव्या शतकातला एक साक्षीदार असा तयारच होता.

याच्या उलट उदाहरण वैमानिक शास्त्राचं. विमानविद्येचा प्राचीन ग्रंथ म्हणून तो गाजला. बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेतल्या अभ्यासकांनी १९७४ साली त्याची छाननी करून दाखवलं की त्याचा माग १९०४ च्या मागे जात नाही, आणि त्यात वर्णिलेली यानं उडू शकत नाहीत. त्याआधीच्या हजारो वर्षांत त्या ग्रंथाशी वाद घालणारा कुणी सापडत नाही.

निमिष म्हणजे किती सेकंद?

आता पोथीतल्या कोष्टकाकडे वळू. फिरणाऱ्या मजकुरांतला सर्वांत लोकप्रिय दावा याच कोष्टकावर उभा असतो, म्हणून इथे जरा थांबून आकडे मांडू.

राजशेखराच्या काव्यमीमांसेत कालविभागाचं एक अख्खं प्रकरण आहे. त्यातलं कोष्टक असं: १५ निमिषांची एक काष्ठा, ३० काष्ठांची एक कला, ३० कलांचा एक मुहूर्त, ३० मुहूर्तांचं एक अहोरात्र. अहोरात्र म्हणजे आपले २४ तास, म्हणून मुहूर्त ४८ मिनिटांचा. भागत गेलं की निमिष येतं सुमारे ०.२१ सेकंदाचं. मनुस्मृतीत काष्ठा १८ निमिषांची आहे, तिथे ते ०.१८ सेकंदाचं होतं. कौटिल्याच्या मोजणीने ०.२४. भागवत पुराणाच्या तिसऱ्या स्कंधातल्या मोजणीने ०.४३. भास्कराचार्यांच्या सिद्धान्तशिरोमणीत अवघं ०.०८९. नाव एकच, पण सर्वांत लहान आणि सर्वांत मोठ्या निमिषात जवळजवळ पाचपट फरक.

यात कुणी चुकलं असं नाही. अर्थशास्त्राला सरकारी कामकाजाच्या पाळ्या मोजायच्या होत्या, भास्कराचार्यांना ग्रहगणितासाठी अतिसूक्ष्म भाग हवे होते, राजशेखराला कवीला ऋतुवर्णन शिकवायचं होतं. ज्याला जेवढं बारीक लागलं तेवढं त्याने भागलं.

आता दावा. ऋग्वेदातल्या सूर्यसूक्तावर भाष्य करताना चौदाव्या शतकातल्या सायणाचार्यांनी एक श्लोक उद्धृत केला आहे. अर्ध्या निमिषात २२०२ योजनं चालणाऱ्या तुला नमस्कार असो, असा त्याचा आशय. यावरून प्रकाशाचा वेग अचूक येतो असं म्हणतात. हिशेब करून पाहू. निमिषाची मापं वर आलीच. योजनाचंही तसंच आहे. आर्यभटाने पृथ्वीचा व्यास १०५० योजनं दिला, सूर्यसिद्धान्तात तो १६०० योजनं आहे. पृथ्वी तीच, म्हणजे पहिलं योजन सुमारे १२ किलोमीटरचं आणि दुसरं ८ किलोमीटरचं ठरतं. सूर्यसिद्धान्ताचं योजन आणि भागवताचं निमिष घेतलं तर वेग येतो सेकंदाला सुमारे ८२ हजार किलोमीटर. आर्यभटाचं योजन आणि भास्कराचार्यांचं निमिष घेतलं तर सहा लाखांच्या घरात. प्रकाशाचा खरा वेग आहे २,९९,७९२ किलोमीटर. तो या दोन टोकांच्या मधे कुठेतरी पडतो हे खरं, पण मधे सातपट जागा आहे. काव्यमीमांसेतल्यासारखं निमिष धरून बरोबर तोच आकडा हवा असेल तर योजन साडेचौदा किलोमीटरचं घ्यावं लागतं. म्हणजे उत्तर आधी माहीत असावं लागतं आणि त्याप्रमाणे माप निवडावं लागतं. शिवाय श्लोकात नमस्कार सूर्याला आहे आणि चालतोही सूर्यच. प्रकाशकिरणाचा तिथे उल्लेख नाही.

मला या श्लोकाचं महत्त्व कमी करायचं नाही. सूर्याच्या गतीला आकड्यात धरून पाहण्याची ही ओढ विलक्षणच आहे. पण तिला भौतिकशास्त्राचा निकाल समजलं की श्लोक वाचायचा राहून जातो.

खऱ्या ग्रंथात प्रतिपक्ष असतो

मला जे मुख्य म्हणायचं आहे ते इथे आहे. काळावरचे खरे प्राचीन ग्रंथ एकमेकांशी सहमत नाहीत. ते कडाडून भांडतात. आणि त्यांचं खरेपण ओळखण्याची ही फार मोठी खूण आहे. शास्त्रग्रंथात आधी विरोधकाचं म्हणणं मांडतात, त्याला पूर्वपक्ष म्हणतात, आणि मग त्याचं उत्तर देतात. विरोधक कोण आहे यावरून ग्रंथ कुठल्या काळात बसतो ते कळतं. आज रचलेल्या प्राचीन ग्रंथाला विरोधकच नसतो. त्यातलं सगळं विसाव्या शतकातल्या विज्ञानाशी जुळतं, कारण तो त्याच विज्ञानाकडे बघून लिहिलेला असतो.

भांडण कसलं होतं ते थोडं पाहू. न्यायसूत्रांमध्ये, म्हणजे न्याय दर्शनाच्या मूळ ग्रंथात, एक पूर्वपक्ष येतो: वर्तमानकाळ नावाची गोष्टच नाही. देठापासून सुटून खाली येणारं फळ बघा. जेवढं अंतर ते पडून झालं तो भूतकाळ, जेवढं पडायचं उरलं तो भविष्यकाळ. तिसरं अंतर आहे कुठे, ज्याला वर्तमान म्हणावं? क्षणभर गप्प करणारा हा युक्तिवाद आहे. न्यायसूत्रांचा भाष्यकार वात्स्यायन याचं उत्तर असं की काळ अंतरावरून कळत नाही, क्रियेवरून कळतो. पडण्याची क्रिया चालू आहे, तोच वर्तमान. आणि वर्तमान नाकारलात तर भूत आणि भविष्य कशाच्या आधारावर ठरवणार?

वैशेषिक दर्शनाच्या पंडितांनी काळाला नऊ द्रव्यांत जागा दिली. तो एक आहे, नित्य आहे, सर्वत्र आहे, पण डोळ्यांना दिसत नाही. ‘आधी-नंतर’, ‘एकाच वेळी’, ‘उशिरा’, ‘लवकर’ असे अनुभव येतात, त्यावरून त्याचं अनुमान करायचं. सांख्य दर्शनाच्या पंडितांनी पंचवीस तत्त्वं मोजली, त्यांत काळाला स्थान दिलं नाही. वैशेषिकसूत्रांवरची चंद्रानंदाची जुनी टीका १९६१ साली मुनी जंबूविजयजींनी संपादित केली आणि तीही गायकवाड सीरीजमध्येच, बडोद्याहून निघाली.

बौद्धांमध्ये तर घरातल्या घरात वाद होता. त्यांच्यातले सर्वास्तिवादी पंथाचे लोक म्हणत की भूत, वर्तमान आणि भविष्य तिन्ही काळांतल्या वस्तू अस्तित्वात असतात. मग त्यांच्यात फरक काय? याच पंथातल्या वसुमित्राचा दाखला असा: मोजणीची मातीची गोळी एककाच्या जागी ठेवली तर एक, शंभराच्या जागी ठेवली तर शंभर. गोळी बदलत नाही, तिची जागा बदलते. आजच्या वाचकाला हे ऐकून एकदम आधुनिक काहीतरी आठवेल, पण इतिहासकाराला यात दुसरीच गोष्ट दिसते. हा दाखला देणाऱ्याला आणि ऐकणाऱ्यांना स्थानानुसार किंमत बदलणारी मोजणी माहीत होती. कुठल्याही ग्रंथात असा दाखला आला की त्याच्या काळाला एक खालची मर्यादा मिळते.

वसुबंधू या बौद्ध आचार्याने यावर नेमका प्रश्न विचारला. वस्तू भविष्यातही पूर्णपणे आहेच, तर ती आपलं काम आत्ताच का करत नाही? तिला अडवतं कोण? आठव्या शतकात शांतरक्षिताने आपल्या तत्त्वसंग्रहात त्रैकाल्यपरीक्षा या प्रकरणात हाच वाद पुढे नेला, आणि शिष्य कमलशीलाने त्यावर सविस्तर टीका लिहिली. दोघेही पुढे तिबेटात गेले. या बौद्ध ग्रंथाचं संस्कृत मूळ टिकलं ते जैन भांडारांमुळे, आणि १९२६ साली ते छापलं गेलं ते बडोद्यात. प्रतिस्पर्धी पंथाची पोथी शतकानुशतकं सांभाळणाऱ्या त्या ग्रंथपालांबद्दल मला अपार आदर वाटतो.

जैनांचंही स्वतःचं मतभेदाचं पान आहे. तत्त्वार्थसूत्राच्या दिगंबर पाठात ‘काळही द्रव्य आहे’ असं सरळ सूत्र आहे. श्वेतांबर पाठात ‘काळही द्रव्य आहे असं काही जण म्हणतात’. दोन शब्दांचा फरक, आणि त्यामागे पूर्ण वाद. व्याकरणकार भर्तृहरीने वाक्यपदीयातल्या कालसमुद्देशात काळाला जगाच्या यंत्राचा सूत्रधार म्हटलं. तो काहींना वाट देतो, काहींना रोखून धरतो, म्हणून सगळं एकदम घडत नाही. बौद्ध तत्त्वज्ञ नागार्जुनाने मूलमध्यमककारिकेच्या एका छोट्याशा प्रकरणात काळ स्वतंत्रपणे सिद्धच होत नाही असं दाखवायचा प्रयत्न केला. आणि या सगळ्यांच्या कितीतरी आधी अथर्ववेदातल्या कालसूक्ताने काळाला सात लगामांचा, हजार डोळ्यांचा, न म्हातारा होणारा घोडा म्हटलं होतं.

आपली कल्पित पोथी या गर्दीत ठेवून बघा. ती कुणाला उत्तर देते? काळ द्रव्य आहे असं ती म्हणत असेल, तर सांख्यांना ती काय सांगते? क्षण म्हणजे काय ते सांगताना बौद्धांचा उल्लेख करते का? बुद्धाच्या आधीची म्हणवणारी पोथी क्षणिकवादाचं, म्हणजे प्रत्येक वस्तू क्षणभरच टिकते या बौद्ध मताचं, खंडन करू लागली तर तिचा दावा तिथेच गळून पडतो.

‘पण ब्रह्मदेवाचा दिवस आणि पृथ्वीचं वय जुळतं ना?’

हा प्रश्न नेहमी येतो आणि तो विचारणाऱ्याला हसू नये. एक कल्प, म्हणजे ब्रह्मदेवाचा एक दिवस, ४३२ कोटी वर्षांचा. पृथ्वीचं वय सुमारे ४५४ कोटी वर्षं. आकडे शेजारी ठेवले की दचकायला होतं. पण परंपरा स्वतः काय म्हणते ते ऐकू. गणपतीच्या पूजेला गुरुजी संकल्प सोडतात, तो म्हणजे काळातला आपला पत्ता: श्वेतवाराह कल्प, वैवस्वत मन्वंतर, अठ्ठाविसावं कलियुग. आणि स्थळाचा पत्ताही येतो, बडोद्यात नर्मदेचा उत्तर तीर. या पत्त्याप्रमाणे चालू कल्पातली सुमारे १९७ कोटी वर्षंच उलटली आहेत. म्हणजे आपल्याच पंचांगाच्या हिशेबाने जुळणी होत नाही. ४३२ कोटी ही दिवसाची पूर्ण लांबी आहे, गेलेला काळ नव्हे.

ककुद्मी राजाची कथाही याच ओघात येते. मुलगी रेवतीसाठी वर विचारायला तो ब्रह्मलोकात गेला, तिथे थोडा वेळ गाणं ऐकत थांबला, आणि तेवढ्यात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगं उलटली. फार सुंदर कल्पना आहे. दोन ठिकाणी काळ वेगळ्या गतीने चालू शकतो हे मनात आणणं सोपं नाही. सापेक्षता मात्र त्यापुढे जाऊन किती फरक पडेल ते सांगते, आणि तो फरक वेगावर आणि गुरुत्वाकर्षणावर अवलंबून असतो. जीपीएसच्या उपग्रहांवरची घड्याळं जमिनीवरच्या घड्याळांपेक्षा दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात. तेवढी दुरुस्ती केली नाही तर फोनवरचा नकाशा काही किलोमीटर चुकेल. कथेला हे काम कुणी सांगितलेलंच नव्हतं.

‘आमचं ज्ञान तोंडी होतं, कागद कुठून आणणार?’

अगदी योग्य आक्षेप. वेद शतकानुशतकं तोंडपाठच चालत आले, आणि स्वर-अक्षरांची अचूकता पाहून आजही थक्क व्हायला होतं. पण तोंडी परंपराही खुणा ठेवते. पदपाठ, क्रमपाठ, शाखा, गुरुशिष्यांची नावं, प्रातिशाख्यांतले उच्चाराचे नियम. मौखिक असणं म्हणजे पुरावा नसणं नव्हे. यातलं काहीच नसलेला मजकूर एकाएकी विसाव्या शतकात अवतरतो, तेव्हा मौखिक परंपरेचा आधार त्याला घेता येत नाही.

‘हे परदेशी लोकांनी ठरवायचं का?’

ही पद्धत आता आपलीच आहे. बडोद्याच्या प्राच्य विद्या मंदिर या संशोधन संस्थेत वाल्मीकि रामायणाच्या चिकित्सक आवृत्तीचं काम १९५१ ला सुरू झालं आणि १९७५ ला संपलं. चिकित्सक आवृत्ती म्हणजे वेगवेगळ्या प्रांतांतल्या, वेगवेगळ्या लिप्यांतल्या प्रती समोरासमोर ठेवून सर्वांत जुना पाठ कुठला ते श्लोकागणिक ठरवणं. नंतर भर पडलेले श्लोक फेकून देत नाहीत, ते तळटीपेत जपून ठेवतात. हे काम करणारे बहुतेक जण रामायणावर मनापासून प्रेम करणारे होते. आणि त्याआधी हजार वर्षांपूर्वी राजशेखरानेही हेच केलं. वर्ष कधी सुरू होतं हे सांगताना त्याने दोन्ही मतं नोंदवली: ज्योतिषी म्हणतात चैत्रापासून, लोकव्यवहार जाणणारे म्हणतात श्रावणापासून.

पोथी खरंच निघाली तर

माळ्यावर काही सापडलं तर घाई करू नका. लॅमिनेशन करू नका, चिकटपट्टी लावू नका, तेल किंवा कीटकनाशक लावू नका. पानं सुटी असतील तर ती ज्या क्रमाने मिळाली त्याच क्रमाने ठेवा, कारण क्रम चुकीचा वाटला तरी त्यावरूनही काही कळू शकतं. समासातले पानांचे आकडे बघा. फडकं, लाकडी फळ्या, मधे ठेवलेल्या चिठ्ठ्या फेकू नका, कधीकधी घराण्याचा हिशेबाचा कागदच पोथी कुठून आली ते सांगतो. प्रत्येक पानाच्या दोन्ही बाजूंचे फोटो उजेडात काढा, शेवटच्या पानाचे दोनदा. मग प्राच्य विद्या मंदिरासारख्या संस्थेत नेऊन दाखवा. दाखवणं म्हणजे देऊन टाकणं नव्हे, नोंद करून पोथी घरी ठेवता येते.

आणि समासात बारीक अक्षरात कुणी काही खरडलेलं दिसलं, तर त्याचा जवळून वेगळा फोटो घ्या. आधीच्या वाचकाने तिथे एखादा आक्षेप लिहिलेला असतो, एखादा वेगळा पाठ दिलेला असतो, एखाद्या दुसऱ्या ग्रंथाचं नाव टिपलेलं असतं. अभ्यासक सहसा तिथूनच वाचायला सुरुवात करतात.